बिजागरीखालचे तांबडे ओघळ

सुदाम देसलेला लग्नाचं आमंत्रण द्यायला नातेवाईक जरा बिचकायचे. माणूस वाईट नव्हता, जेवणावळीत वाढायला कंबर कसून उभा राहणारा होता. पण हॉलमध्ये शिरला की नवरा-नवरीकडे बघायच्या आधी तो एखादी खुर्ची उलटी करायचा, पाय जिथे जोडलेले असतात तिथे अंगठ्याचं नख फिरवायचा आणि चार जणांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणायचा, "वरून नुसता रंग मारलाय. आत काही नाही." शिरगावातल्या एका साखरपुड्यात हे वाक्य नेमकं नवरामुलगा दारातून आत येताना त्याच्या तोंडून निघालं. मुलाचे मामा बाह्या सरसावून पुढे आले. शेवटी संजीवनीने, म्हणजे सुदामच्या बायकोने, खुर्ची दाखवून प्रकरण मिटवलं. तेव्हापासून ती लग्नाला त्याच्या दोन रांगा पुढे बसायची.

रंग हा सुदामचा धंदा होता, आणि रंगाखाली काय दडलंय ही त्याची खोड.

बारवी धरणाच्या वरच्या अंगाला एका पाड्यावर त्याचा जन्म झाला. भात कापून झालं की तिथलं वर्षाचं काम संपायचं. म्हणून थोरला भाऊ सदू उल्हासनगरला कपाटांच्या कारखान्यात लागला आणि मिसरूड फुटायच्या आत सुदामलाही घेऊन गेला. तिथल्या उस्तादाने त्याच्या हातात ब्रश दिला आणि धंद्याचं सगळं ज्ञान एका वाक्यात सांगून टाकलं, "वरात घरी पोचेपर्यंत चमकलं पाहिजे, बस." पत्र्यावर गंज असला तर त्यावर पुट्टी, पुट्टीवर रंग, रंगावर आरसा. कपाट गेलं रुखवतात.

एकदा वांगणीकडचा एक म्हातारा कपाटाचं दार डोक्यावर घेऊन आला. अख्खं कपाट त्याला आणवलं नव्हतं, म्हणून पुरावा म्हणून दार. मुलीच्या नव्या साड्यांना गंजाचे डाग पडले होते आणि सासरचे तिला त्यावरून बोलत होते. उस्ताद म्हणाला, "पाऊस काय मी पाडतो का?" म्हातारा आला तसा दार डोक्यावर घेऊन परत गेला. सुदाम ब्रश धूत तिथेच बसला होता. त्याला त्या दिवशी जेवण गेलं नाही. आपण रंगारी नाही, आपण फसवणारे आहोत, असं त्याच्या मनाने घेतलं ते घेतलंच. पुढे कित्येक वर्षं त्याला कुणी "काय काम करता?" विचारलं की तो उत्तर द्यायला घुटमळायचा.

म्हणूनच हासानंद शेठनी त्याला अंबरनाथच्या कारखान्यात बोलावलं तेव्हा सुदामला वाटलं, देव पावला. शेठ मूळचे पत्र्याच्या ट्रंका करणारे. उल्हासनगरच्या बाजारात त्यांच्या ट्रंका लोक डोळे मिटून घेत. पण दोन हजार चार-पाचच्या सुमाराला जिकडेतिकडे मोबाइलचे टॉवर उगवायला लागले आणि शेठना कुठूनसं कळलं की प्रत्येक टॉवरच्या पायाशी पत्र्याचे डबे लागतात. बॅटऱ्या, वायरी, नाजूक सर्किटं, सगळं त्या डब्यात बंद करून ठेवायचं असतं. "अडे साईं, ट्रंकच आहे ती," शेठ म्हणाले, "फक्त दार पुढून आहे."

ट्रंक नव्हती ती. ऑर्डर देणाऱ्या दिल्लीच्या कंपनीने डब्याच्या परीक्षांचा जो कागद पाठवला तो वाचून शेठनी दोनदा चष्मा पुसला. हा डबा उद्या जैसलमेरच्या उन्हात उभा राहील, लडाखच्या थंडीत उभा राहील, रत्नागिरीच्या खाऱ्या वाऱ्यात उभा राहील, आणि कुठेही गेला तरी आधी ट्रकमधून धक्के खात जाईल. तेव्हा त्याला हे सगळं आधीच भोगायला लावून बघायचं, मगच कामावर घ्यायचं. भट्टीत ठेवायचं, बर्फाच्या पेटीत ठेवायचं. चारी बाजूंनी पाण्याचे फवारे मारायचे. बारीक भुकटीच्या वावटळीत ठेवून आत कण गेला का बघायचं. थरथरत्या टेबलावर बांधून हलवायचं, उंचावरून आपटायचं. आणि शेवटी एका बंद पेटीत मिठाच्या पाण्याच्या धुक्यात तो आठवडे न् आठवडे डांबून ठेवायचा. सासुरवास म्हणतात तो हाच, सुदामला वाटलं. फक्त इथे तो कागदावर लिहून दिलेला होता.

पण सुदाम खूश झाला. आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी त्याच्याकडे वरातीपुरता नव्हे, वर्षानुवर्षं टिकणारा रंग मागत होतं. शेठनी शेडमध्ये ओळीने टाक्या बसवल्या. एकीत तेलकटपणा काढायचा, एकीत ॲसिडने गंज उतरवायचा, मध्ये मध्ये पाणी, मग फॉस्फेटची टाकी, त्यातून पत्रा राखाडी होऊन निघायचा. त्यावर पावडरचा रंग बंदुकीने उडवायचा आणि भट्टीत भाजायचा. ब्रश गेला, पुट्टी गेली. सुदाम टाक्यांवर असा नजर ठेवून असायचा की बाळंतिणीची आईही काय ठेवील.

डब्याच्या आत काही जागा कोऱ्या ठेवाव्या लागतात, तिथे अर्थिंगची वायर जोडायची असते. रंग जाऊ नये म्हणून त्या जागांवर आधी चिकटपट्टी लावायची. या कामाला हात नेटका लागतो, म्हणून सुदामने विठावहिनींना आणलं. विठा म्हणजे सदूची बायको. सदू जाऊन बरीच वर्षं झाली होती. खरवईला त्या एकट्याच राहायच्या आणि एका ठिकाणी बांगड्यांची खोकी भरायला जायच्या. त्यांनी येताना खरवईच्याच चार-पाच जणी आणल्या. चिकटपट्ट्या लावणं, रंग झाल्यावर काढणं, आणि शेवटी डबा प्लास्टिकमध्ये गुंडाळून खोक्यात भरणं, ही सगळी कामं बायकांची. विठा त्यांची मुकादम. नियम एकच होता, आणि तो सुदामने पाठ करून घेतला होता: धुतलेल्या पत्र्याला उघड्या हाताने शिवायचं नाही. विठा एकदा विसरल्या तर दिराने सगळ्यांसमोर सुनावलं. त्या हातमोजे घालताना पुटपुटल्या, "सोवळंच झालं की वो हे."

पहिला नमुना दिल्लीला गेला. भट्टी, बर्फ, पाणी, भुकटी, आपटाआपटी, सगळ्यात डबा उत्तम पास झाला. भुकटीच्या परीक्षेनंतर दार उघडलं तेव्हा आतून आरशासारखा स्वच्छ होता, असं तिकडच्या माणसाने मुद्दाम फोनवर सांगितलं. मिठात मात्र तो नापास झाला. फॅक्स आला. त्यातल्या काळ्यापांढऱ्या फोटोत डावीकडच्या वरच्या बिजागरीखालून काळपट ओघळ उतरलेले दिसत होते, आणि खाली इंग्रजीत लिहिलं होतं: बिजागरीपाशी तांबडा रंग, गंज.

सुदामने तो कागद घडी करून खिशात घातला आणि टाक्यांपाशी जाऊन उभा राहिला. बिजागरी म्हणजे जोड. जोडात पाणी अडतं, ॲसिड अडतं, मग तेच आतून खातं. चूक आपलीच. त्याने सगळ्या टाक्या उपसल्या, पाणी बदललं, बिजागरीला वेगळं धुवायला लावलं. बायका हसायच्या की भाऊ बिजागरीला न्हाऊ घालतायत.

दुसरा नमुना गेला. पुन्हा सगळ्यात पास आणि मिठात नापास. पुन्हा तीच बिजागरी. या वेळी तर ओघळ जास्त दाट होते.

आता मात्र सुदामचं अवसान गळालं. जेवताना तो ताटाकडे बघत बसायचा. संजीवनीने विचारलं तर म्हणाला, "मी अजून कपाटंच रंगवतोय गं. टाक्या नव्या, माणूस तोच." वांगणीच्या म्हाताऱ्याचं दार त्याच्या डोळ्यांसमोरून हलेना. डबा दिल्लीला गेला होता म्हणून पकडला गेला; एरवी आपण गंजावर रंग मारून पाठवतच राहिलो असतो, असं त्याला वाटायचं.

शेठ वाईट माणूस नव्हते, पण धंदेवाईक होते. त्यांनी सुदामला केबिनमध्ये बसवलं, चहा मागवला आणि सरळ सांगितलं, "सुदाम, वो लोग तीसरा सॅम्पल लेने को तयार आहेत. चौथा नाही. तिसरा गेला तर रंगाचं काम मी बाहेर देणार, तळोज्याला. टाक्या विकून टाकणार. तुला मी कुठेतरी स्टोअरमध्ये बसवीन, साईं, पण त्या बायांना नाही ठेवू शकत."

स्टोअरमध्ये बसून आपल्या खिडकीतून विठावहिनींना जाताना बघायचं, हे चित्र सुदामला सहन होण्यासारखं नव्हतं. बांगड्यांची खोकी त्याच्या शब्दावर सोडली होती त्यांनी. बाकीच्या जणीही हातातली कामं सोडून आल्या होत्या. त्याने शेठकडे एकच मागितलं: या वेळी मिठाची परीक्षा इथेच व्हावी, अंबरनाथला. आनंदनगरकडे एक नवी खासगी लॅब निघाली होती, तिचा दाखला दिल्लीला चालत होता. "नापास तर नापास," सुदाम म्हणाला, "पण मला माझ्या डोळ्यांनी बघू द्या कुठून येतंय ते." शेठ तयार झाले.

तिसरा डबा सुदामने जवळजवळ एकट्याने केला. भट्टीतून निघाल्यावर त्यावर एक ठिपका नव्हता, फिकट राखाडी रंग नुकत्याच सारवलेल्या भिंतीसारखा सपाट बसला होता. त्याने तो विठाच्या टेबलावर ठेवला. "वहिनी, जपून," तो म्हणाला. विठा म्हणाल्या, "तुमी जावा घरी, तोंड बगा कसं झालंय. मी बांधते नीट, कुनाला हात लावू देत नाय." सुदाम गेला.

लॅबचा मुख्य सम्यक नावाचा तरुण होता. उल्हासनगरच्या चार नंबर कॅम्पातला, वडील रेल्वेत, घरात पहिला इंजिनिअर. हातमोजे न घालता तो स्वतःच्या पेनालाही शिवत नसावा असा टापटिपीचा. सुदामला त्याने पहिल्याच दिवशी स्पष्ट सांगितलं, "काका, तुम्ही रोज आलात तरी चालेल, पण पेटी मी उघडणार नाही. वेळ झाली की तुमच्यासमोरच उघडेन." सुदाम अधूनमधून जायचाच. पेटीच्या झाकणाला आतून धुकं धरलेलं असायचं. काही दिसायचं नाही. तो थोडा वेळ उभा राहायचा आणि आजारी माणसाला भेटून आल्यासारखा परत फिरायचा.

आणि मग ती सकाळ आली. सम्यकने धुकं उडवणारी हवा बंद केली, झाकण उचललं. खारट, दमट वाफ बाहेर आली. ती विरेपर्यंत दोघे थांबले.

डावीकडच्या वरच्या बिजागरीखालून तांबडे ओघळ उतरले होते. पार दाराच्या खालच्या कडेपर्यंत.

भिंतीशी एक स्टूल होतं, त्यावर सुदाम बसला. त्याला रडू आलं नाही की राग आला नाही. आता शेठना फोन करायचा. मग कारखान्यात जायचं आणि वहिनींना सांगायचं. काय सांगायचं ते तो मनातल्या मनात जुळवत होता आणि एकही शब्द जुळत नव्हता.

सम्यक मात्र डब्यापाशी वाकून उभा होता. बराच वेळ. मग तो म्हणाला, "काका, इकडे या जरा."

"बघितलं मी, साहेब."

"नाही बघितलंत. या."

सुदाम उठला. सम्यक म्हणाला, "मी इथे रोज गंज बघतो. गंज तपकिरी असतो, खरखरीत असतो, त्याच्याखाली रंग फुगतो. हे तर गुळगुळीत आहे. रंगाला फोडही नाही. आणि लाल बघा कसला आहे." त्याने कापसाचा बोळा स्पिरिटमध्ये बुडवला आणि ओघळावरून अलगद फिरवला. बोळा लालगुलाबी झाला. डबा जिथे पुसला तिथे राखाडी, स्वच्छ.

दोघांनीही त्या बोळ्याकडे पाहिलं.

"असा गंज मी आजवर बघितला नाही," सम्यक म्हणाला.

त्याने डबा नळाखाली धरून मीठ धुऊन काढलं, कारण परीक्षेचा नियमच तसा होता. मग बिजागरीचे स्क्रू काढले. बिजागरीमागे दाराच्या घडीत रबराची पट्टी होती. ती त्याने चिमट्याने हळूच उचलली. खाली लालभडक, तेलकट लगदा साचला होता. आणि त्या लगद्यात, भिजून टम्म फुगलेले, पाच-सहा तांदळाचे दाणे.

सम्यकने एक दाणा चिमट्यात धरून उजेडात नेला. त्याचा चेहरा गंभीर होता. म्हणजे तो तसा ठेवत होता. "काका," तो म्हणाला, "आमच्या घरात कुंकू नसतं, म्हणून मला जरा वेळ लागला. पण मित्रांच्या लग्नाला मी जातो. या अक्षता आहेत ना?"

सुदामला खोकल्याची उबळ आली. ती उबळ नव्हती, हसू होतं. पण ते हसू बाहेर पडायच्या आधीच त्याला दुसरी भीती वाटली. "पण साहेब, मग हा नापासच ना? नमुन्यात कचरा निघाला."

"थांबा. मी गंज मोजतो. कुंकू मोजायचं काम माझं नाही." सम्यकने पातळ पातं घेतलं आणि जिथे ओघळ सर्वांत दाट होता तिथला रंग खरवडायला लागला. आपण लावलेला रंग दुसऱ्याने खरवडताना बघणं सुदामला एरवीही जड जायचं. आज पात्याच्या टोकाला पाच-सहा घरांची चूल बांधलेली होती. रंगाचं साल निघालं. खाली राखाडी फॉस्फेट निघालं. तेही खरवडलं, आणि खाली लोखंड लख्ख चमकलं. बिजागरीच्या जोडात खरवडलं, तिथेही लख्ख. परीक्षेसाठी मुद्दाम मारलेल्या फुलीच्या चिरेभोवती जेवढा गंज चालतो त्याच्या निम्माही धरला नव्हता.

"काय लिहायचं ते खरंच लिहिणार," सम्यक म्हणाला. "बिजागरीमागे बाहेरचा लाल पदार्थ सापडला, पुसून निघाला, खाली गंज नाही. धातू शाबूत. पास." आणि मग इतका वेळ दाबून ठेवलेलं हसू त्याला आवरेना. "घरी सांगा काका, पुढच्या वेळी पिंजर लावायचीच असेल तर खोक्याला लावा."

सुदामने शेठना लॅबमधूनच फोन लावला. घडलेलं सगळं सांगितलं. "पास म्हणजे पास ना? लिहून देतो ना तो?" शेठनी विचारलं. देतो म्हटल्यावर एक लांब उसासा ऐकू आला. "टाक्या बघायला आज माणूस येणार होता, साईं. त्याला सांगतो, घरी बस. कोणी लावलं कुंकू?"

"चौकशी करतो," सुदाम म्हणाला. चौकशी करण्यासारखं काही नव्हतं. डबा शेवटचा कुणाच्या हातात होता ते त्याला माहीत होतं.

रिक्षा न करता तो कारखान्यापर्यंत चालत गेला. वाटेत एकदा त्याला हसू यायचं, एकदा राग. किती महिने तो टाक्या उपसत होता. किती रात्री संजीवनी त्याच्यामुळे जागी होती. ॲसिड कमी कर, फॉस्फेट वाढव, पाणी बदल. आणि इकडे काय, तर कुंकू. वहिनींना चांगलं खडसावायचं, असं त्याने कारखान्याच्या फाटकापर्यंत ठरवून टाकलं होतं.

विठा पॅकिंगच्या टेबलापाशी उभ्या होत्या. हातातलं काम कधीच थांबलं होतं. बाकीच्या बायका चिकटपट्ट्यांचे रोल घेऊन उगाच इकडेतिकडे करत होत्या.

"पास झाला," सुदाम म्हणाला.

बायकांत एकदम गलका झाला. विठांनी डोळे मिटले, हात जोडले. "वाटलंच मना," त्या म्हणाल्या. "या खेपेला मी कायबी कमी पडू दिलं नव्हतं."

सुदामने खिशातून सम्यकने दिलेली प्लास्टिकची पुडी काढली आणि टेबलावर ठेवली. लाल झालेले, फुगलेले तांदूळ.

"तेलात कालवलं होतं ना या वेळी?" सुदामने विचारलं.

"खोबरेल तेलात," विठा हळूच म्हणाल्या. आता लपवण्यात अर्थ नव्हता. "पयल्या डब्याला नुसती सुकी चिमूट लावली व्हती, बिजागरीमागं रबराखाली, कुनाला दिसू नये म्हून. घरातून पयल्यांदा काय बाहेर चाललं तं तसंच कसं पाठवायचं? लेक पाठवताना तरी लावतोच ना कपाळाला. तो नापास झाला. म्या म्हनलं, सुकी व्हती, वाटेत झडली असंल. मंग दुसऱ्याला पान्यात भिजवून जाड लावली. तोबी नापास. मंग या खेपेला तेलात कालवून, अक्षता लावून, पार खोल दाबून बसवली. आता कशी झडते बगू, म्हनलं."

खडसावायचं म्हणून ठरवलेलं सगळं सुदामच्या तोंडाशी आलं होतं. डबा जसजसा नापास होत गेला तसतसं ही बाई कुंकू वाढवत गेली, आणि कुंकू वाढलं तसतसा डबा नापास होत गेला. तो जरा चढ्या आवाजातच बोलला, "वहिनी, तो गंज नव्हताच. जे तांबडं दिसलं ते तुमचं कुंकू होतं. तिन्ही वेळेला. दरवेळी तीच बिजागरी, दुसरीकडे कुठे ठिपका नाही. आम्ही इकडे टाक्या उपसून मेलो आणि..."

विठांचा चेहरा उतरला. त्यांनी पदर तोंडाशी नेला. सुदामला लगेच वाईट वाटलं. आता ह्या रडणार, आणि समजूत काढायला शब्द आपल्याकडे नाहीत.

पण विठा रडल्या नाहीत. त्या कसलातरी हिशेब लावत असल्यासारख्या उभ्या राहिल्या.

"मंग पयल्या डब्याला गंज नव्हता?" त्यांनी विचारलं.

"नव्हता."

"आन् दुसऱ्याला?"

"त्यालाही नसणार."

"म्हंजे भावजी," विठा म्हणाल्या, "तुमचं काम पयल्यापासूनच चांगलं व्हतं."

लॅबमध्ये सुदामने पास ऐकलं होतं, शेठचा उसासा ऐकला होता, वहिनींची नोकरी राहिली म्हणून वाटभर देवाचे आभार मानले होते. पण हे त्याच्या ध्यानातच आलं नव्हतं. इतके महिने तो स्वतःला फसवणारा म्हणत होता, गंजावर रंग मारणारा म्हणत होता, आणि इतके महिने त्याच्या रंगाखाली लोखंड लख्ख होतं. पहिल्या दिवसापासून. या रंगाची तक्रार घेऊन वांगणीचा तो म्हातारा त्याच्याकडे कधी आलाच नसता.

तो तिथेच एका पावडरच्या ड्रमवर टेकला आणि त्याचे खांदे हलायला लागले. बायकांतली एक पुढे येऊ लागली तशी विठांनी तिला हाताने थांबवलं, दिराला आडोसा करून बायकांसमोर उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "कामं करा गं आपली. त्यांच्या डोळ्यांत थिनर गेलंय."